मार्सेल दालिओ: खात्री नसलेला राजा

मार्सेल दालिओ हे नाव आपल्याकडे फारसे कुणाच्या ओठांवर नसते. चेहरा मात्र अनेकांनी पाहिलेला असतो. ‘कॅसाब्लांका’ हा १९४२ चा अमेरिकी चित्रपट ज्यांनी पाहिला आहे त्यांनी रिकच्या कॅफेतील रुलेटचे, म्हणजे फिरत्या चक्रावरच्या जुगाराचे, टेबल आठवून पाहावे. पोलीस अधिकारी रेनो कॅफे बंद करण्याचा हुकूम देतो, इथे जुगार चालतो हे कळून आपल्याला धक्का बसल्याचे सांगतो, आणि नेमक्या त्याच क्षणी एक बुटका, नीटनेटका माणूस पुढे होऊन रेनोने जुगारात जिंकलेले पैसे अदबीने त्याच्या हातात ठेवतो. तो एमिल, आणि एमिलचे काम करणारा नट दालिओ. चित्रपटाच्या श्रेयनामावलीत त्याचे नाव नाही. त्याच्या तीन वर्षे आधी, १९३९ साली, झाँ रेन्वार या दिग्दर्शकाच्या ‘ला रेग्ल द्यु झ’, म्हणजे ‘खेळाचा नियम’, या चित्रपटात हाच नट एका प्रासादाचा धनी, मार्की (म्हणजे उमराव) रोबेर द ला शेस्ने, होऊन मधोमध उभा होता. जगातल्या श्रेष्ठ चित्रपटांची यादी कुणीही केली तरी त्या चित्रपटाचे नाव तीत बहुधा सापडतेच.

मी वेंगुर्ल्यात राहते आणि इतिहास शिकवते. मृगाचा पाऊस लागला, जत्रांचा हंगाम सरला, दशावतारी मंडळ्यांचे पेटारे माळ्यावर चढले, की आमच्याकडे संध्याकाळी करण्यासारखे फारसे काही उरत नाही. अशा पावसाळ्यांत मी १९३० च्या दशकातले फ्रेंच चित्रपट पाहत आले. प्रारंभी अर्थातच झाँ गाबाँसारख्या नायकांसाठी पाहिले. पुढे लक्षात आले की आपण वाट पाहतो ती दालिओची. त्याची कारकीर्द नीट मांडून पाहिली तेव्हा एक गोष्ट मला स्पष्ट दिसू लागली, आणि तीच इथे सांगायची आहे. नायकाला दृश्य आपल्या हक्काचे वाटते, दुय्यम भूमिका करणाऱ्याला ते दुसऱ्या कुणाच्या तरी परवानगीने मिळालेले असते, आणि ती परवानगी केव्हाही काढून घेतली जाईल ही जाणीव ठेवूनच त्याला उभे राहावे लागते. दालिओने ही जाणीव लपवली नाही. तिच्यातूनच त्याने आपली सर्वांत मोठी भूमिका घडवली, आणि त्यानंतर वर्षभरातच ती परवानगी त्याच्या देशाने खरोखर काढून घेतली.

त्याचा जन्म १८९९ साली पॅरिसमध्ये झाला. रुमानियातून येऊन स्थायिक झालेल्या ज्यू आईवडिलांचा हा मुलगा. मूळ नाव इस्राएल मोशे ब्लाउशिल्ड. पॅरिसच्या नाट्यविद्यालयात शिक्षण, पहिल्या महायुद्धात सैन्यात सेवा, आणि मग १९२० च्या दशकात गाणी, नकला आणि छोटी प्रहसने यांनी भरलेल्या रंगमंचीय कार्यक्रमांत उमेदवारी, असा त्याचा प्रवास झाला. बोलपट आले तेव्हा तिशी गाठलेला हा नट उंचीने कमी, डोळे मोठे व ओले, भुवया कमानदार, केस चापून मागे बसवलेले, अशा रूपाचा होता. नायकाची भूमिका त्याच्या वाट्याला येण्याची शक्यता जवळजवळ नव्हतीच.

त्या काळच्या फ्रेंच चित्रपटांत दुय्यम नटांना जे स्थान होते ते समजून घेतले पाहिजे. जुलिएँ कारेत, सातुर्नँ फाब्र, पोलीन कार्ताँ, रोबेर ल व्हिगाँ अशा नटनट्यांची एक मोठी फळीच तेव्हा पॅरिसमध्ये होती. वर्षातून अनेक चित्रपटांत ही मंडळी काही मिनिटांपुरती येत, आणि प्रेक्षक त्यांना ओळखून त्यांच्या प्रवेशाची वाट पाहत. आमच्याकडे नारदाचा किंवा संकासुराचा प्रवेश आला की मागे पेंगत बसलेला माणूसही सावरून बसतो. त्या नटाचे नाव जाहिरातीत मोठ्या अक्षरांत नसले तरी त्याची हुकमत कुणी नाकारत नाही. दालिओ या फळीत जागा मिळवीत गेला तो चुगलखोर, खबऱ्या, लाचार दलाल अशा भूमिकांतून. ज्युलिएँ द्युव्हिव्हिएच्या ‘पेपे ल मोको’ (१९३७) मध्ये अल्जिअर्सच्या कासबा वस्तीतला खबऱ्या लार्बी त्याने केला आहे. खोटे बोलताना तो समोरच्याच्या डोळ्यांकडे न पाहता हातांकडे पाहतो, कारण मार कुठून येणार याचा अंदाज त्याला हातांवरून घ्यायचा असतो. संवादाच्या आधाराशिवाय केलेले हे काम मी पुन्हा पुन्हा पाहिले आहे.

त्याच वर्षी रेन्वारने त्याला ‘ला ग्रांद इल्युझियाँ’ मध्ये घेतले. पहिल्या महायुद्धात जर्मनांच्या कैदेत पडलेल्या फ्रेंच अधिकाऱ्यांची ही कथा आहे. गाबाँ हा साध्या घरातून आलेला लेफ्टनंट मारेशाल, पियेर फ्रेने हा खानदानी कप्तान द ब्वाल्द्यो, एरिक फॉन श्ट्रोहाईम हा मानेला पट्टा लावलेला जर्मन उमराव फॉन राउफेनश्टाइन, आणि दालिओ हा श्रीमंत ज्यू कुटुंबातला रोझेन्थाल. रोझेन्थालच्या घरून खाण्यापिण्याच्या उत्तमोत्तम वस्तूंची पार्सले येतात आणि तो ती साऱ्या खोलीला वाटतो. बाहेर पहारा देणारे जर्मन शिपाई कोबी खात असतात आणि आत कैदी मेजवानी करतात. ज्यू श्रीमंतावर उदार असण्याचा शिक्का मारला की त्यामागे काहीतरी हिशेब असणार, असा संशय त्या काळच्या प्रेक्षकाच्या मनात सहज येई, आणि दालिओ त्या संशयाला बगल देत नाही. वाढताना त्याच्या चेहऱ्यावर आनंद असतो, थोडा बढाईखोरपणाही असतो, आणि या मंडळींनी आपल्याला आपल्यातले मानावे अशी उघड इच्छाही असते. आपल्या घराण्याने अवघ्या काही दशकांत फ्रान्समध्ये किती वाडे आणि किती जमीन मिळवली हे तो सांगतो तेव्हा अभिमान आणि खुलासा ही दोन्ही एकाच वाक्यात उभी राहतात.

या चित्रपटात कैद्यांनी बसवलेल्या करमणुकीच्या कार्यक्रमाची तयारी आहे. पॅरिसहून आलेल्या पेटीतून बायकांचे कपडे निघतात, एक कोवळा सैनिक ते अंगावर चढवून समोर येतो, आणि हसण्याची तयारी करून बसलेले सगळे पुरुष एकदम गप्प होतात. पुरुष लुगडे नेसून द्रौपदी किंवा तारामती होतो हे पाहत मोठे झालेल्या आम्हा कोकणातल्या माणसांना त्या शांततेचा अर्थ कुणी समजावून सांगावा लागत नाही.

पुढे मारेशाल आणि रोझेन्थाल किल्ल्यातून निसटतात. थंडी, भूक, आणि रोझेन्थालचा मुरगळलेला पाय. त्यांचे भांडण होते, मारेशाल आपल्याला ज्यू कधीच आवडले नव्हते असे तोंडावर सांगतो आणि त्याला सोडून चालू लागतो. रोझेन्थाल दगडावर बसून रागाने, रडवेल्या आवाजात, एका छोट्या जहाजाचे बालगीत ओरडून म्हणू लागतो. दूर गेलेला मारेशालही नकळत तेच गाणे म्हणत असतो, मध्येच थांबतो, आणि परत येतो. नायक परत येतो तो त्याच्या मोठेपणाने, असे आपल्याला वाटते. मला मात्र ते दृश्य दालिओचे वाटते, कारण सोडून दिलेल्या माणसाने गयावया न करता गाणे म्हणावे ही कल्पना पडद्यावर खरी वाटण्यासाठी अपमानाची सवय असलेला चेहरा लागतो. शेवटी स्वित्झर्लंडची सीमा ओलांडण्याआधी दोघे निरोप घेतात तेव्हा मारेशाल त्याला ज्यू म्हणून एक जातिवाचक शिवी मिठी मारून देतो, आणि रोझेन्थाल हसतो. या चित्रपटाला १९३७ च्या व्हेनिस महोत्सवात पारितोषिक मिळाले आणि ऑस्करच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाच्या नामांकनांत पोहोचलेला तो पहिला परभाषिक चित्रपट ठरला. नाझी जर्मनीत अर्थातच त्यावर बंदी आली.

आता ‘ला रेग्ल द्यु झ’. युद्धाच्या तोंडावर उभ्या असलेल्या फ्रान्सच्या वरच्या वर्गाचे चित्र रेन्वारला काढायचे होते. सोलोन्यच्या जंगलपट्ट्यातील एका प्रासादात मार्की पाहुण्यांना शिकारीसाठी बोलावतो. त्याच्या पत्नीवर प्रेम करणारा वैमानिकही त्या पाहुण्यांत असतो, मार्कीची स्वतःची प्रेयसीही असते, आणि खाली नोकरांच्या दालनात तीच गुंतागुंत वेगळ्या पोशाखात चालू असते. अशा मार्कीच्या भूमिकेसाठी प्रेक्षकांच्या मनात उंच, गोरा, शांत आवाजाचा माणूस असणार. रेन्वारने मुद्दाम दालिओला घेतले. आजवर ज्याने खबरे आणि दलाल केले त्या नटाने प्रासादाचा मालक व्हावे हीच त्याला हवी असलेली गोष्ट होती.

हा चित्रपट मी माझे चुलते तात्या यांच्याबरोबर पाहिला. तात्यांनी तरुणपणापासून दशावतारात कामे केली. राजापार्ट त्यांच्या वाट्याला फार थोडा आला, बहुतेक रात्री दूत, मंत्री, ऋषी, कधी राक्षस यांतच गेल्या. दशावतारात लिहिलेली संहिता नसते, आख्यान ठाऊक असते आणि बोलणे जागच्या जागी उभे करायचे असते, त्यामुळे राजापार्टीच्या मुखातून काय येईल यावर सहनटाचे कान सतत लागलेले असतात. तात्यांना फ्रेंच कळत नाही आणि इंग्रजी उपशीर्षके वाचण्याइतकी नजर आता राहिलेली नाही, म्हणून मी कथा सांगत होते. थोड्या वेळाने त्यांनी मला थांबवले.

“गो, हो राजापार्टी न्हय. ह्येका राजापार्ट दिल्यान कोणी?”

मी रेन्वारबद्दल सांगू लागले, पण त्यांचे लक्ष पडद्यावर होते.

“दुसऱ्याच्या वाड्यात दिवो लावूक इललो माणूस कसो उभो रवता, तसो हो आपल्याच वाड्यात उभो आसा. राजा आसा, पण आपण राजा असल्याची त्येका खात्री नाय. म्हणानच बगूक बरो वाटता.”

समीक्षकांनी या भूमिकेवर पुष्कळ लिहिले आहे. मला तात्यांच्या या वाक्यांइतके नेमके काही सापडले नाही. मार्की सर्व गोष्टी अचूक करतो, अंमळ जास्तच अचूक करतो. त्याचे कपडे निर्दोष आहेत, हात जोडलेले किंवा रुमालाशी चाळा करणारे आहेत, बोलणे मऊ आहे, आणि प्रत्येक वाक्यानंतर समोरच्याला ते आवडले की नाही हे तो क्षणभर तपासतो. जुनी यांत्रिक खेळणी आणि गाणारे पक्षी जमवण्याचा त्याला छंद आहे, कारण चावी दिली की ती ठरल्याप्रमाणे वागतात, आणि त्याच्या घरातली माणसे तशी वागत नाहीत. मेजवानीच्या रात्री तो आपल्या संग्रहातली सर्वांत नवी वस्तू, दिव्यांनी झगमगणारे भलेमोठे यांत्रिक वाद्य, पाहुण्यांसमोर उघडतो. कॅमेरा त्या वाद्यावरच्या रंगीत बाहुल्यांवरून सरकत त्याच्यापर्यंत येतो. तो कडेला उभा आहे. तोंड किंचित उघडे, कपाळावर घाम, डोळ्यांत गर्व, आणि त्याच डोळ्यांत आपण हे दाखवून फार मोठी आगळीक तर केली नाही ना, असा संकोच. एकही शब्द नाही. पुढे १९६० च्या दशकात झाक रिव्हेतने दूरचित्रवाणीसाठी रेन्वारवर जो कार्यक्रम केला त्यात रेन्वार आणि दालिओ त्या प्रासादाच्या परिसरात बसून बोलले आहेत, आणि आपण आयुष्यात घेतलेल्या दृश्यांपैकी बहुधा हेच सर्वोत्तम, असे रेन्वारने तिथे दालिओला सांगितले आहे.

नोकरांच्या जेवणाच्या टेबलावरचा एक प्रसंग इथे आठवलाच पाहिजे. मार्कीच्या आईकडचे आजोबा रोझेन्थाल नावाचे, फ्रँकफर्टहून आलेले, अशी कुजबुज चालते. म्हणजे ‘ग्रांद इल्युझियाँ’ मधले नावच रेन्वारने या घरात आणून ठेवले आहे. तेवढ्यात आचारी सांगतो की मार्की उपरा असला तरी मोठा माणूस आहे, कारण बटाट्याच्या सॅलडवर पांढरी वाइन बटाटे कढत असतानाच ओतायला हवी होती, ती तशी ओतली नव्हती, हे त्याच्या एकट्याच्या जिभेला कळले. खानदानी माणसाची पारख स्वयंपाकघर करते आणि निकाल त्याच्या बाजूने देते, पण ‘असला तरी’ हे दोन शब्द जोडूनच देते. या दोन शब्दांच्या सावलीत दालिओने ती सबंध भूमिका केली आहे.

कारेतबरोबरचे त्याचे प्रसंग मला विशेष प्रिय आहेत. कारेत हा चोरून ससे मारणारा मार्सो झाला आहे. जंगलाचा रखवालदार शुमाखेर त्याला पकडून आणतो, आणि मार्की त्याला शिक्षा करण्याऐवजी नोकरीवर ठेवतो, कारण मार्सोला लहानपणापासून नोकराचा गणवेश घालायची हौस असते. त्याआधी मार्कीने शुमाखेरला आपल्याला कुंपणही नको आणि ससेही नकोत, असे बजावलेले असते. रात्रीच्या गोंधळात मालक आणि हा नवा नोकर बोळात भेटून बायकांच्या बाबतीतल्या आपापल्या अडचणी बोलतात. बाईला हसवले की अर्धे काम होते, असा सल्ला मार्सो देतो आणि मार्की तो मनापासून ऐकून घेतो. दोन्ही नट आयुष्यभर कडेच्या भूमिका केलेले. एकाच्या अंगावर मालकाचे कपडे आणि दुसऱ्याच्या अंगावर नोकराचे, तरी दोघांची बोलण्याची लय एकच आहे, एकमेकांना जागा देण्याची रीत एकच आहे.

या चित्रपटातले एक वाक्य जगभर उद्धृत होते. ओक्ताव्ह, ज्याची भूमिका स्वतः रेन्वारने केली आहे, म्हणतो की या जगातली भयंकर गोष्ट ही की प्रत्येकाजवळ आपापली कारणे असतात. हे वाक्य कुणाला उद्देशून आहे आणि त्याने काय उत्तर दिले, ते मात्र क्वचितच कुणी सांगते. ऐकणारा दालिओ आहे. अर्थात प्रत्येकाजवळ कारणे असतात, ती मोकळेपणाने सांगता आली पाहिजेत, मी भिंतींच्या आणि अडसरांच्या विरुद्ध आहे, असे तो म्हणतो, आणि म्हणूनच पत्नीच्या प्रियकरालाही घरी बोलावण्याचे ठरवतो. ज्याला स्वतःच्या जागेची शाश्वती नाही तोच भिंतींच्या विरुद्ध बोलतो. वंशपरंपरेने भिंतींच्या आत असलेल्याला त्या दिसतही नाहीत. अखेरीस गोळी सुटते, वैमानिक मरतो, आणि मार्की पायऱ्यांवर उभा राहून हा एक शोचनीय अपघात होता, रखवालदाराला शिकारचोर दिसल्याचा भास झाला, असे पाहुण्यांना सांगतो. म्हातारा जनरल त्याच्या खानदानीपणाची तारीफ करतो. त्या रात्री तरी घराने त्याला आपला मानले.

प्रेक्षकांनी मानले नाही. ७ जुलै १९३९ रोजी पॅरिसमध्ये चित्रपट लागला तेव्हा लोकांनी शिट्ट्या वाजवल्या, आरडाओरडा केला. ज्यू नटाला फ्रेंच उमराव दाखवले आणि त्याची पत्नी म्हणून नोरा ग्रेगोर या ऑस्ट्रियन अभिनेत्रीला घेतले, याचा राग उजव्या गटांनी उघड व्यक्त केला. रेन्वारने चित्रपट कापत कापत ८५ मिनिटांवर आणला. सप्टेंबरात युद्ध सुरू झाले आणि लोकांचे मनोधैर्य खचवणारा म्हणून त्यावर बंदी आली. मूळ निगेटिव्ह पुढे बॉम्बहल्ल्यात नष्ट झाले. युद्धानंतर सापडलेल्या तुकड्यांतून झाँ गाबोरी आणि झाक द्युराँ यांनी तो जुळवला, आणि १९५९ मध्ये व्हेनिसला तो पुन्हा दाखवला गेला. म्हणजे दालिओची सर्वांत मोठी भूमिका वीस वर्षे जवळजवळ अदृश्य होती, आणि ऐन उमेदीच्या त्या वर्षांत तिचा त्याला कोणताही उपयोग झाला नाही.

जून १९४० मध्ये जर्मन फौजा पॅरिसकडे सरकल्या तेव्हा दालिओ तरुण पत्नी मादलेन लबो हिच्यासह निघाला. दोघे लिस्बनला पोहोचले आणि तिथून चिलीचे व्हिसा घेऊन ‘क्वांझा’ या पोर्तुगीज जहाजाने निघाले. मेक्सिकोला पोहोचल्यावर ते व्हिसा बनावट असल्याचे उघड झाले आणि अनेक प्रवासी अडकून पडले. अखेर कॅनडाची तात्पुरती कागदपत्रे मिळवून ही दोघे अमेरिकेत शिरली. इकडे व्यापलेल्या फ्रान्समध्ये नाझींनी ज्यू माणूस कसा ओळखावा हे दाखवणारी भित्तिपत्रके लावली, आणि त्यांवर छायाचित्र वापरले दालिओचे. त्याचे कुटुंबीय छळछावण्यांत मारले गेले.

या सगळ्यानंतर ‘कॅसाब्लांका’ पाहावा. लिस्बनला जाण्याच्या परवान्यासाठी तडफडणाऱ्या निर्वासितांची ती कथा, आणि तिच्या पडद्यावरच्या गर्दीत खरे निर्वासित नट उभे आहेत. रिकच्या इशाऱ्यावरून एका बल्गेरियन नवविवाहिताला २२ या आकड्यावर दोनदा जिंकू देणारा एमिल, ज्यामुळे त्या जोडप्याला बाहेर पडण्याचे पैसे मिळतात, तो स्वतः बनावट व्हिसावर समुद्र ओलांडून आलेला आहे. ‘मार्सेयेझ’ हे फ्रान्सचे राष्ट्रगीत गाताना डोळ्यांतून पाणी वाहणारी इव्होन ही मादलेन लबो आहे. चित्रीकरणाच्याच सुमारास त्यांचा घटस्फोट होत होता. चक्राकडे पाहत उभ्या असलेल्या दालिओच्या चेहऱ्यावर यातले काहीही नाही, आणि नसलेच पाहिजे. क्रूपिएने, म्हणजे जुगाराचे टेबल चालवणाऱ्याने, चेहरा कोरा ठेवायचा असतो. रिकने आजचा हिशेब विचारल्यावर अपेक्षेपेक्षा दोन हजारांनी कमी भरल्याचे तो सांगतो, त्या एका वाक्यात मालकाने काय केले हे आपल्याला कळल्याची कबुली आहे, तक्रार नाही, आणि किंचित आदर आहे.

हॉलिवूडने त्याला जे दिले त्यातली विसंगती मला फार बोचते. पॅरिसमध्ये जो पुरेसा फ्रेंच नव्हता तो कॅलिफोर्नियात फ्रेंच माणसाचा नमुना ठरला. ‘टू हॅव अँड हॅव नॉट’ (१९४४) मध्ये तो मार्टिनिक बेटावरचा हॉटेलमालक आहे आणि त्याला हाकच ‘फ्रेंची’ अशी मारतात. त्याच वर्षीच्या ‘विल्सन’ मध्ये त्याने चक्क फ्रान्सचा पंतप्रधान क्लेमांसो केला. ज्या भाषेतल्या संवादांनी त्याला प्रासादाचा मालक केले होते ती आता उच्चारातली एक गमतीदार लकब म्हणून विकली जात होती. तरीही त्याने एकही काम तुच्छ मानून केलेले मला दिसत नाही. ‘फ्रेंची’ हम्फ्री बोगार्टला प्रतिकारकांची ने-आण करण्याची गळ घालतो तेव्हा त्याच्या आवाजात जी घाई आहे ती पटकथेत लिहिता येण्यासारखी नाही.

याच्या शेजारी रोबेर ल व्हिगाँचे आयुष्य ठेवून पाहावेसे वाटते. तोही त्याच फळीतला, रेन्वारने आणि द्युव्हिव्हिएने वापरलेला, विलक्षण ताकदीचा नट. १९३५ मध्ये द्युव्हिव्हिएच्या चित्रपटात त्याने येशू ख्रिस्त केला होता. जर्मन अमलात त्याने त्यांची साथ केली, युद्ध संपत आले तेव्हा तो पळाला, ‘ले झाँफाँ द्यु पारादी’ मधली त्याची भूमिका पियेर रेन्वार या झाँ रेन्वारच्या भावाला करावी लागली, आणि अखेर ल व्हिगाँ अर्जेंटिनात १९७२ मध्ये मेला. अभिनयाच्या कसोटीवर दोघांत डावे-उजवे करणे मला जमणार नाही. पण एकाला देशाने हाकलले आणि तो परत आला, दुसऱ्याने देशाला दगा दिला आणि तो परत येऊ शकला नाही, हे दुय्यम नटांच्या इतिहासात नोंदवून ठेवण्यासारखे आहे.

दालिओ युद्धानंतर फ्रान्सला परतला आणि पुढची तीसेक वर्षे दोन्ही किनाऱ्यांवर काम करीत राहिला. या काळाबद्दल फार लांबण लावण्यासारखे नाही; पुष्कळ चित्रपट सुमार आहेत. काही जागा मात्र चुकवू नयेत. ‘जंटलमेन प्रिफर ब्लाँड्स’ (१९५३) मध्ये जेन रसेल सोनेरी केसांचा टोप घालून कोर्टात धिंगाणा घालते तेव्हा न्यायासनावर हतबल बसलेला दंडाधिकारी तो आहे. ‘सब्रिना’ (१९५४) मध्ये पॅरिसच्या पाककला वर्गात ऑड्री हेपबर्नच्या शेजारी उभा असलेला म्हातारा बॅरन तो आहे. सुखाने प्रेमात पडलेली बाई सूफ्ले करपवते आणि दुःखाने प्रेमात पडलेली भट्टी पेटवायलाच विसरते, असे तो तिला सांगतो. पाककृतीतली चूक पाहून माणसाचे मन ओळखणारा हा बॅरन मला कढत बटाट्यांवरची वाइन ओळखणाऱ्या मार्कीचा वृद्ध भाऊच वाटतो. ‘कॅच-२२’ (१९७०) मध्ये रोममधल्या कुंटणखान्यात बसून एका कोवळ्या अमेरिकी अधिकाऱ्याला जिंकणाऱ्या देशांपेक्षा हरणारे देश जास्त टिकतात हे समजावणारा म्हातारा त्याने केला. त्या भूमिकेत तो क्रूर वाटेल इतका आनंदी आहे.

फ्रान्समध्ये चित्रपटांसाठीचे सेझार पुरस्कार १९७६ पासून दिले जाऊ लागले आणि सहायक अभिनेत्याचा विभाग पहिल्या वर्षापासून होता. पहिला मान झाँ रोशफोर यांना मिळाला. दालिओ तेव्हा ७६ वर्षांचा होता आणि त्याच वर्षी त्याचे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले. नोव्हेंबर १९८३ मध्ये पॅरिसमध्ये त्याचे निधन झाले.

त्याच्या उत्तरायुष्यातली सर्वांत गाजलेली भूमिका १९७३ ची. जेरार उरी दिग्दर्शित ‘रब्बी जाकोब’ हा लुई द फ्युनेसचा विनोदी चित्रपट फ्रान्समध्ये ७० लाखांहून अधिक लोकांनी पाहिला. मनात ज्यूंविषयी आणि साऱ्याच परक्यांविषयी अढी बाळगणारा एक कारखानदार जीव वाचवण्यासाठी न्यूयॉर्कहून येणाऱ्या रब्बीचे सोंग घेतो, आणि ज्यू वस्ती त्याला खरा समजून डोक्यावर घेते. खरा रब्बी जाकोब म्हणजे दालिओ. तेहतीस वर्षांपूर्वी ज्या शहराच्या भिंतींवर त्याचा चेहरा तिरस्कारासाठी चिकटवला होता, त्याच शहरात तो आता दाढी लावून, डोळे मिचकावीत, नातलगांच्या गराड्यात हसत येतो. चित्रपटाला नाव त्याच्या पात्राचे आहे. पडद्यावरचा बहुतेक वेळ मात्र ते सोंग घेणाऱ्या नायकाचा आहे, आणि खरा रब्बी सुरुवातीला थोडा आणि शेवटाकडे थोडा, असा दिसतो.